जुन्या पीएसपीचे गेम फोनवर: आधी फाईल आणि फोल्डर, सेटिंग सगळ्यात शेवटी

तुमचा प्रश्न मला कळला तो असा: घरात जुना पीएसपी (सोनीचं हातात धरून खेळायचं गेमचं मशीन) आहे, पहिलं जाड मॉडेल, बॅटरी फुगलीय, सहा यूएमडी म्हणजे त्याच्या गेमच्या चकत्या आहेत, हातात ४ जीबी रॅमचा अँड्रॉइड फोन आहे. फोनवर पीपीएसएसपीपी (पीएसपीचे गेम फोनवर चालवणारं इम्युलेटर अ‍ॅप) टाकलं, एका साईटवरून 'हायली कॉम्प्रेस्ड' म्हणून एक गेम उतरवला तो यादीत दिसतच नाही, मित्राकडून आणलेला दुसरा दिसतो पण अडकत अडकत चालतो, व्हिडिओ बघून सगळी सेटिंग बदलून झाली तरी फरक नाही. आणि मेमरी स्टिकवर मोठ्या भावाने तेव्हा खेळलेल्या गेमचे सेव्ह आहेत, ते फोनवर आणता येतील का.

येतील. शेवटी सांगतो ते, पण त्याच्या आधी जे सांगतोय ते त्याच क्रमाने करा (फक्त फुगलेली बॅटरी काढली की पीएसपीवरचं बाकी काही करायच्या आधी मेमरी स्टिकची कॉपी घ्या, ती कशी ते शेवटी आहे), कारण मी पंधराएक वर्षं फोन आणि हातात धरून खेळायचे गेम दुरुस्त करतोय आणि माझ्याकडे इम्युलेटर चालत नाही म्हणून येणाऱ्या दहा जणांपैकी आठ जणांचा घोळ सेटिंगमध्ये नसतोच, तो फाईलमध्ये नाहीतर फोल्डरमध्ये असतो. माणूस मात्र सगळा वेळ सेटिंगशी झटापट करत बसतो, एक दुरुस्त करायला जातो आणि चार बिघडवतो, मग नक्की कशाने काय झालं ते त्यालाही सांगता येत नाही. म्हणून तुम्ही आत्ता पहिलं काम हे करा, अ‍ॅपच्या सेटिंगमध्ये सिस्टिम विभागात जाऊन सगळं डिफॉल्टला रिसेट करा. जे काय व्हिडिओत बघून बदललं ते सगळं पुसून टाका. डिफॉल्ट सेटिंग ही बनवणाऱ्यांनी विचार करून ठेवलेली असतात.

अ‍ॅपबद्दल दोन वाक्यं. पीपीएसएसपीपी हेन्रिक रिडगार्ड या स्वीडिश माणसाने २०१२ च्या नोव्हेंबरमध्ये काढलं, त्याच्या आधी डॉल्फिन नावाचा जो इम्युलेटर आहे तो सुरू करणाऱ्यांतही तो होता. सोर्स कोड उघडा आहे, फुकट आहे. गोल्ड नावाची जी पैशाची आवृत्ती आहे ती त्या माणसाला मदत म्हणून घ्यायची, तिच्यात गेम जास्त फास्ट चालतात असं काही नाही, आतून दोन्ही एकच. त्यामुळे 'गोल्ड फुकट' म्हणून जी एपीके फिरत असते ती कधीही टाकू नका, जी गोष्ट प्ले स्टोअरवर अधिकृतपणे फुकट मिळतेय तिच्यासाठी अनोळखी फाईल फोनमध्ये घ्यायची काहीच गरज नाही. आणि हो, याला बायोस (मशीनचं स्वतःचं मूळ सॉफ्टवेअर) वगैरे लागत नाही. जुन्या प्लेस्टेशनच्या इम्युलेटरसाठी बायोस शोधत फिरायची सवय लागलेली असते लोकांना, इथे पीएसपीच्या सिस्टिमची कामं अ‍ॅप स्वतःच करतं. कोणी 'पीएसपी बायोस' डाउनलोड करायला सांगत असेल तर तिथून निघा.

आता गेमची फाईल. पीएसपीचा गेम यायचा यूएमडीवर, ती प्लॅस्टिकच्या कवचातली छोटी चकती, दोन थरांची असेल तर तिच्यात १.८ जीबी मावतात. मोठे गेम त्यातली बरीचशी जागा वापरतात. मग तोच गेम '८० एमबीत' कसा येईल? येत नाही. एकतर त्यातले व्हिडिओ आणि आवाज कापून टाकलेले असतात, आणि मग अर्ध्या वाटेवर जिथे तो कापलेला व्हिडिओ यायचा तिथेच गेम अडकतो, नाहीतर आत गेम नसतोच, भलतंच काहीतरी असतं. तुमचा तो न दिसणारा गेम याच जातीचा आहे असं मला वाटतं. फाईलच्या नावाचा शेवट बघा. आयएसओ (चकतीची जशीच्या तशी प्रत), सीएसओ, पीबीपी, आणि आता नव्या आवृत्त्यांत सीएचडी, एवढे प्रकार चालतात. आरएआर किंवा सेव्हन झेड असेल तर ती गाठोडं बांधलेली फाईल आहे, झेडअर्काइव्हरसारख्या अ‍ॅपने आधी सोडवावी लागते. सोडवताना पासवर्ड मागितला आणि तो मिळवायला कुठलं अ‍ॅप टाका म्हणाले तर फाईल सरळ डिलीट करा.

खरं सांगायचं तर तुमच्याकडे सहा यूएमडी असताना तुम्ही बाहेर शोधताच कशाला हा माझा प्रश्न आहे. स्वतःच्या चकतीवरून काढलेली फाईल ही सगळ्यात खात्रीची, ती पूर्ण असते, तिच्यात कोणी काही घुसडलेलं नसतं, आणि कायद्याच्या बाजूनेही तुमची बाजू बरी राहते. इम्युलेटर बनवणं स्वतः बेकायदा नाही, अमेरिकेत २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात अपिलाचा निकाल इम्युलेटर बनवणाऱ्यांच्या बाजूने लागला होता. आपल्याकडे १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातल्या कलम ५२ मध्ये, ज्याच्याकडे कॉम्प्युटर प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे आहे त्याला खराब होण्या-हरवण्यापासून जपायला बॅकअप काढायची मुभा दिलेली आहे. दुसऱ्याने अपलोड केलेली फाईल उतरवणं ही त्यात बसणारी गोष्ट नाही. म्हणून मी कोणाला गेमच्या लिंक देत नाही, तुम्हीही मागू नका.

तर यूएमडीवरून गेम कसा काढायचा. आधी ती फुगलेली बॅटरी. मागचं झाकण वर आलं असेल, जोर लावून दाबू नका, टोचू नका, स्क्रू ड्रायव्हरने उचकटू तर अजिबात नका, झाकण काढून पीएसपी उलटा धरला की बहुतेक वेळा ती आपोआप सुटते. ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या, ओल्या-सुक्या कचऱ्यात नको. पीएसपी बॅटरीशिवाय नुसत्या चार्जरवर चालतो, फक्त वायर हलली की बंद पडतो एवढं लक्षात ठेवा, म्हणजे कॉपी चालू असताना टेबलावर ठेवा आणि घरातल्या लहान मुलांना लांब ठेवा. एक अडचण आहे, सिस्टिम अपडेट करायचं असेल तर तो चार्ज असलेली बॅटरी मागतो, म्हणून आधी सिस्टिम माहितीत जाऊन आवृत्ती बघा. ६.६० किंवा ६.६१ असेल तर अपडेटची गरज नाही. त्यापेक्षा जुनी असेल तर एक नवीन बॅटरी घ्या, ऑनलाईन मिळतात, घेताना मॉडेल नंबर बघा कारण जाड १००० ची बॅटरी वेगळी आणि २०००, ३००० ची वेगळी, जाडवाली पातळ पीएसपीत झाकणाखाली मावत नाही.

मग पीएसपीवर कस्टम फर्मवेअर, म्हणजे हौशी लोकांनी बनवलेली बदललेली सिस्टिम, टाकावं लागतं. आर्क-४ नावाचं चालतं. त्याच्या फोल्डरमध्ये जी माहितीची फाईल येते ती पूर्ण वाचा आणि तीच पाळा, मी इथे पायरी-पायरी लिहीत नाही कारण आवृत्तीनुसार बदल होतात आणि अर्धवट आठवणीतलं वाचून कोणाचा पीएसपी बंद पडायला नको. एवढं समजून घ्या की मेमरी स्टिकवर फोल्डर कॉपी करून गेम मेनूतून एक प्रोग्रॅम चालवायचा असतो, आणि तो कायमचा बसवला नसेल तर पीएसपी पूर्ण बंद करून परत चालू केला की पुन्हा एकदा चालवावा लागतो. लोक इथे घाबरतात की 'काल टाकलं आज गेलं', गेलेलं नसतं.

ते झालं की यूएमडी आत टाका, मुख्य मेनूवर सिलेक्ट बटण दाबा, एक छोटा मेनू उघडतो. त्यात यूएसबी डिव्हाईस असं लिहिलेलं असतं, समोर मेमरी स्टिक असेल, ते डावी-उजवीकडे करून यूएमडी डिस्क वर आणा, मेनू बंद करा, आणि मग सेटिंगमधून यूएसबी कनेक्शन चालू करून कॉम्प्युटरला जोडा. केबल जुनी मिनी यूएसबीची लागते, जुन्या डिजिटल कॅमेऱ्याला यायची ती, आत्ताच्या फोनची नाही. आणि फक्त चार्जिंगची केबल असेल तर कॉम्प्युटरला काही दिसणारच नाही, या एका केबलमुळे लोकांचे दोन-दोन दिवस गेलेले बघितलेत मी. बरोबर जोडलं की कॉम्प्युटरवर एक ड्राईव्ह येतो आणि त्यात एकच आयएसओ फाईल दिसते. ती कॉपी करून डेस्कटॉपवर घ्या. मेमरी स्टिकमध्ये जागा लागत नाही, थेट चकतीवरून कॉम्प्युटरवर जाते.

वेळ लागतो, लागू द्या. या वेळी पीएसपी कानाजवळ नेला की चकती फिरल्याचा तो बारीक घर्रर्र आवाज येत राहतो, मधून एकदा 'टक टक' होऊन लेन्स जागा बदलते. हा आवाज एकसारखा चालू असेल तर सगळं ठीक. आवाज थांबतो, परत सुरू होतो, परत थांबतो आणि कॉपीची पट्टी एकाच जागी अडकली असं झालं तर लेन्स मळलीय किंवा चकती मळलीय. यूएमडीच्या मागच्या बाजूला जी छोटी खिडकी असते तिच्यातून चकतीवर बोटांचे ठसे दिसतात का बघा. लेन्ससाठी कापसाची काडी आणि आयसोप्रोपिल अल्कोहोल, अगदी थोडं, दाबायचं नाही, नुसतं फिरवायचं, आणि वाळल्यावर मगच चालू करायचं. यूएमडीचं पारदर्शक प्लॅस्टिक कडेने सुटलेलं असतं बऱ्याच जुन्या चकत्यांचं, मग ती आत अडकते. त्याला सेलोटेप लावू नका, टेपच्या जाडीने ती आत जास्तच अडकते. एखादी खराब झालेली यूएमडी असेल तर तिचं कवच सावकाश उघडून त्यात चांगली चकती बसवता येते, मी असं बऱ्याच वेळा केलंय, फक्त चकती कडेला धरायची.

आयएसओ आली की तिची एक प्रत कॉम्प्युटरवर किंवा हार्डडिस्कवर ठेवून द्या, मगच फोनकडे वळा. फोनमध्ये जागा कमी असेल तर मॅक्ससीएसओ नावाच्या प्रोग्रॅमने तिची सीएसओ करता येते, आकार कमी होतो आणि गेममधलं काहीही कापलं जात नाही, हे दाबून बसवणं आहे, तोडणं नाही. किती कमी होतो ते गेमवर आहे, व्हिडिओने भरलेला गेम फारसा कमी होत नाही.

आता फोनवरचं फोल्डर, आणि इथे मी जरा जास्त बोलणार आहे कारण याच ठिकाणी माणसं खरं नुकसान करून घेतात.

अ‍ॅप पहिल्यांदा उघडलं की ते विचारतं की पीएसपीची मेमरी स्टिक म्हणून कुठलं फोल्डर वापरू. अँड्रॉइड ११ पासून अ‍ॅपला सगळ्या फोनमध्ये मनासारखं फिरता येत नाही, तुम्ही बोट ठेवून जे फोल्डर द्याल तेवढंच त्याला दिसतं, म्हणून हा प्रश्न येतो. समोर पर्याय असतात, एक म्हणजे फोल्डर स्वतः बनवा किंवा निवडा, आणि दुसरा अ‍ॅपच्या स्वतःच्या खाजगी जागेत ठेवा. दुसरा सोपा दिसतो, एका टॅपमध्ये काम होतं, आणि बरेच जण तोच दाबून पुढे जातात. तो दाबलात तर ज्या दिवशी तुम्ही अ‍ॅप काढाल त्या दिवशी त्याच्याबरोबर तुमचे सगळे सेव्ह जातील. अ‍ॅप तिथे तसं लिहूनही दाखवतं, पण वाचतं कोण.

माझ्या बहिणीचा मुलगा आहे, दहावीच्या सुट्टीत त्याने दीड महिना एकच गेम खेळला. एक दिवस अ‍ॅप उघडेना म्हणून कोणीतरी त्याला सांगितलं अनइन्स्टॉल करून परत टाक. त्याने टाकलं. अ‍ॅप छान उघडलं, गेम उघडला, आणि मेनूमध्ये 'लोड' फिकट करड्या रंगाचं दिसत होतं, दाबताच येत नव्हतं. फोन माझ्या हातात देऊन तो म्हणाला, 'मामा, यातून काढता येईल ना?' मी जे जे माहीत होतं ते सगळं केलं, काही मिळालं नाही, कारण ती जागा अँड्रॉइडने अ‍ॅपबरोबर साफ केलेली असते. त्या पोराचा चेहरा मला अजून आठवतो. तेव्हापासून माझ्याकडे जो येतो त्याला मी आधी हे फोल्डर करून देतो, मग पुढचं.

तर फोनच्या मेमरीत पीएसपी नावाचं एक फोल्डर स्वतः बनवा आणि तेच निवडा, परवानगी द्या. अ‍ॅप त्याच्यात आपली उपफोल्डर बनवेल, सेव्हडेटा म्हणजे खऱ्या सेव्हच्या जागा, पीपीएसएसपीपी स्टेट म्हणजे सेव्ह स्टेट (अ‍ॅपने स्वतः कुठल्याही क्षणी केलेले सेव्ह), गेम म्हणजे पीबीपीवाल्यांसाठी, आणखी काही. गेमच्या आयएसओ मात्र यात कोंबू नका, त्यांच्यासाठी वेगळं फोल्डर करा, म्हणा 'पीएसपी गेम', आणि अ‍ॅपच्या गेम्स टॅबमध्ये ब्राउज दाबून ते दाखवा. गेमचे चौकोन दिसायला लागले की झालं. नसतील दिसत तर एकतर परवानगी दुसऱ्याच फोल्डरला दिलीय, किंवा फाईल अजून गाठोड्यात आहे. एसडी कार्डवर गेम ठेवले तरी चालतात पण स्वस्तातलं हळू कार्ड असेल तर गेममध्ये नवीन जागा लोड होताना थांबे येतात, सेव्हचं फोल्डर तर फोनच्या मेमरीतच असू द्या.

प्लेस्टेशन स्टोअरवरून तेव्हा विकत घेतलेले गेम असतील तर ते पीबीपी फाईलच्या रूपात असतात, ते मेमरी स्टिकवर जसे होते तसेच त्याच नावाच्या फोल्डरसकट गेम फोल्डरमध्ये जातात. पण त्यात पहिल्या प्लेस्टेशनचे जुने गेम पीएसपीवर चालावेत म्हणून विकलेले असतील तर ते इथे चालणार नाहीत, पीपीएसएसपीपी फक्त पीएसपीचे गेम चालवतं. त्यांच्यासाठी डकस्टेशनसारखं वेगळं अ‍ॅप लागतं.

गेम दिसला की लगेच खेळू नका, त्याच्या चित्रावर बोट दाबून धरा, माहितीचं पान उघडतं. तिथे गेमचा नंबर असतो, यूएलयूएस किंवा यूएलईएससारख्या अक्षरांनी सुरू होणारा, तो लिहून ठेवा, सेव्ह आणताना लागणार आहे. यूएस असेल तर अमेरिकेची आवृत्ती, ईएस असेल तर युरोपची, जेएम-जेएस जपानची, आपल्याकडे दुकानात बरेचदा युरोपवाली मिळायची. त्याच पानावर सीआरसी मोजायचं बटण आहे, ते दाबा आणि थांबा. फाईल पूर्ण आणि मूळ चकतीसारखी असेल तर अ‍ॅप सांगतं की ठीक आहे, कापलेली-बदललेली असेल तर तसं सांगतं. मित्राकडून आणलेल्या त्या अडकणाऱ्या गेमवर आधी हेच करून बघा.

अ‍ॅप फोनवर मुळात नीट चालतंय का ते तपासायचं असेल तर अ‍ॅपमध्येच होमब्रू आणि डेमोचा टॅब आहे, तिथून लोकांनी स्वतः बनवून फुकट दिलेले छोटे प्रोग्रॅम-गेम उतरवता येतात. ते चालले आणि तुमचा गेम उघडतच नसेल, तर घोळ बहुतेक तुमच्या फाईलमध्ये आहे.

आता वेग. स्क्रीनवर एफपीएस (सेकंदाला किती चित्रं) दाखवायचं सेटिंग चालू करा आणि त्याच्याबरोबर स्पीडचा टक्का पण. यात एक गैरसमज जवळपास सगळ्यांचा असतो. आकडा ३० दिसला की लोक म्हणतात ६० नाही म्हणजे लॅग आहे. पीएसपीचे बरेच गेम मुळातच सेकंदाला ३० चित्रांवर बनवलेत, हातातल्या खऱ्या मशीनवर पण तेवढेच होते. तुम्ही टक्का बघा. १०० टक्के असेल तर गेम पीएसपीवर चालायचा तेवढ्याच वेगाने चालतोय, आणखी काही मिळवायचं शिल्लक नाही. ७०-८० वर घसरत असेल आणि आवाज फाटत, ओढला गेल्यासारखा येत असेल तर तो खरा लॅग. कान आधी सांगतो, डोळा नंतर.

खरा लॅग असेल तर सगळ्यात आधी रेंडरिंग रिझोल्यूशन खाली आणा. पीएसपीची स्क्रीन होती ४८० बाय २७२. एक पट म्हणजे तेवढंच, दोन पट म्हणजे ९६० बाय ५४४, चार पट म्हणजे साधारण फुल एचडी. तुमच्या ४ जीबीच्या फोनवर दोन पट ठेवा, साडेसहा इंचांच्या काचेवर ते पुरेसं स्वच्छ दिसतं, गॉड ऑफ वॉरसारखा जड गेम असेल तर एक पट. हे एकच बटण बाकी दहा बटणांपेक्षा जास्त काम करतं. दुसरं, बॅकएंड, म्हणजे अ‍ॅप चित्र काढायला कुठली पद्धत वापरतं ते. व्हल्कन आणि ओपनजीएल असे दोन असतात, एकावर चित्र फाटत असेल किंवा गेम बंद पडत असेल तर दुसरा लावून अ‍ॅप परत चालू करून बघा, फोनच्या ग्राफिक्स चिपवर अवलंबून आहे, दोन्ही खेळून बघितल्याशिवाय मी पण सांगू शकत नाही. तिसरं फोनचं स्वतःचं, बॅटरी सेव्हर बंद, जाड कव्हर काढा, आणि चार्जिंगला लावून खेळू नका. फोन तापला की तो स्वतःला वाचवायला चिपचा वेग कमी करतो, पहिली वीस मिनिटं छान आणि मग अडकायला लागलं तर कारण हेच, आणि एप्रिल-मेमध्ये तर नक्कीच हेच.

मग राहिलं फ्रेमस्किप (मधली काही चित्रं गाळणं), ते ऑटोवर १ ठेवून बघा, पण शेवटचा उपाय म्हणून. आणि 'स्किप बफर इफेक्ट्स' नावाचं जे आहे, जे प्रत्येक व्हिडिओत पहिल्यांदा चालू करायला सांगतात, ते बंदच असू द्या. त्याने काही गेम फास्ट होतात हे खरं आहे, पण गेमने चित्र पडद्यावर आणायच्या आधी मागे ज्या पायऱ्या केलेल्या असतात त्याच ते गाळतं, मग कुठे काळा पडदा, कुठे आग-धूर-सावल्या गायब, कुठे मेनूच दिसत नाही, असं होतं, आणि माणसाला वाटतं गेमची फाईल खराब आहे. सीपीयू क्लॉक बदलायचं पण तसंच, पीएसपीचा प्रोसेसर जास्तीत जास्त ३३३ मेगाहर्ट्झला चालायचा आणि कुठल्या क्षणी किती हवा ते गेम स्वतः सांगतो, तुम्ही मध्ये हात घालू नका.

एक गोष्ट मात्र लॅग समजू नका. नवीन जागेत पहिल्यांदा गेलात किंवा पहिल्यांदा एखादा मोठा स्फोट झाला की क्षणभर अडकतं आणि परत तीच गोष्ट झाली की अडकत नाही. अ‍ॅप तिथे तुमच्या ग्राफिक्स चिपसाठी नवीन प्रोग्रॅम तयार करत असतं आणि पुढच्या वेळेसाठी साठवून ठेवतं. थोडं खेळलात की कमी होतं.

एखाद्या गेमला काही वेगळं लागलंच तर सगळ्यांची सेटिंग बदलू नका. परत गेमच्या चित्रावर बोट दाबून धरून त्या गेमपुरतं कॉन्फिग बनवा आणि बदल त्यात करा. म्हणजे ब्रायन लारा क्रिकेट छान चालतंय आणि दुसऱ्या गेमच्या नादात तेच बिघडलं असं होणार नाही.

बटणं. पडद्यावरची बटणं हलवून मोठी-छोटी करता येतात. आत्ताचे फोन पीएसपीपेक्षा लांबट आहेत, त्यामुळे दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहतात. चित्र ताणून त्या भरू नका, क्रिकेटचा चेंडू अंड्यासारखा दिसतो, त्यापेक्षा बटणं त्या पट्ट्यांवर सरकवा, अंगठा पण चित्राच्या आड येत नाही. ब्लूटूथ कंट्रोलर असेल तर फारच उत्तम. जपानी गेममध्ये ओके ला गोल आणि मागे जायला फुली असायचं, आपल्या हाताला उलटी सवय असते, त्यासाठी सिस्टिम सेटिंगमध्ये कन्फर्मेशन बटण बदलायची सोय आहे.

आता तुमच्या भावाचे सेव्ह, ज्यासाठी मुळात तुम्ही हे सगळं करताय असं मला तुमच्या लिहिण्यावरून वाटलं. मेमरी स्टिक अजून वाचली जातेय ही मोठी गोष्ट आहे, म्हणून सगळ्यात आधी, गेम-बिम काढायच्याही आधी, पीएसपी यूएसबीने जोडून अख्खी मेमरी स्टिक जशीच्या तशी कॉम्प्युटरवर कॉपी करून घ्या. फोटो, गाणी, सगळं. जुन्या स्टिक कधी हात टेकतील सांगता येत नाही आणि कस्टम फर्मवेअरसाठी तुम्ही त्याच स्टिकवर लिहिणार आहात.

त्या कॉपीमध्ये पीएसपी फोल्डरच्या आत सेव्हडेटा उघडा. प्रत्येक सेव्हचं वेगळं फोल्डर दिसेल आणि नावाची सुरुवात गेमच्या नंबरने, तोच जो मघाशी लिहून ठेवायला सांगितला. फोनवर उघडणाऱ्या गेमचा नंबर आणि सेव्हचा नंबर जुळायला हवा, युरोपच्या गेमचा सेव्ह अमेरिकेच्या गेमला दिसत नाही, फाईल शंभर टक्के चांगली असली तरी. तुम्ही त्याच यूएमडीवरून आयएसओ काढली असेल तर जुळणारच, हा पण स्वतःची चकती वापरायचा एक फायदा. ती फोल्डर आतल्या सगळ्या फाईलसकट उचलून फोनवरच्या पीएसपी फोल्डरमधल्या सेव्हडेटात ठेवा. नाव बदलू नका, आतली एकही फाईल काढू नका.

आणि यापुढे खेळताना गेमच्या आतलाच सेव्ह वापरत जा. अ‍ॅपचं सेव्ह स्टेट सोयीचं आहे, कुठेही थांबता येतं, पण ते त्या क्षणाचा अख्खा फोटो असतो, अ‍ॅपची आवृत्ती बदलली तर कधी उघडत नाही, आणि खऱ्या पीएसपीवर तर चालतच नाही. गेमच्या आतला सेव्ह दोन्हीकडे चालतो, उद्या नवीन बॅटरी आणली तर फोनवरचा सेव्ह उचलून परत मेमरी स्टिकवर टाकून भावाच्या हातात तोच पीएसपी देता येईल.

गेम चालू करून लोडच्या पानावर गेलात की यादीत सेव्ह दिसेल. त्याच्यासमोरची तारीख आजची दिसली तर घाबरू नका, कॉम्प्युटरवरून फोनवर कॉपी करताना फाईलची तारीख बदलते, सेव्ह बदललेला नसतो. त्याच्या खालची ओळ वाचा, कुठला टप्पा, किती टक्के, काही गेममध्ये किती तास खेळलं तेही असतं, ते सेव्हच्या आतून येतं. ते भावाचंच असेल.